वेरूळचे खांब हैदराबादला नेणारे नवाब झैन यार जंग: एक वास्तुविशारद राजकारणात कसा आला?

2023 साली अंबड तालुक्यातल्या अंतरवाली सराटीतून मराठा आरक्षणाचं आंदोलन उभं राहिलं आणि मराठवाड्यात एक विसरलेला शब्द पुन्हा घरोघरी ऐकू येऊ लागला, ‘निजामकालीन नोंदी’. कुणबी नोंदी शोधण्यासाठी न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली. तहसिलांमधली जुनी दप्तरं उघडली. उर्दू आणि मोडी वाचू शकणाऱ्या माणसांची शोधाशोध सुरू झाली. पुढं सप्टेंबर 2025 मध्ये ‘हैदराबाद गॅझेटियर’ हे नाव थेट राज्य सरकारच्या शासन निर्णयात आलं. ज्या हैदराबादशी आपला काही संबंध उरला नाही असं आपण धरून चाललो होतो, त्याच हैदराबादच्या कागदावर जालना जिल्ह्यातल्या हजारो कुटुंबांचे डोळे लागले.

एरवी हैदराबाद म्हटलं की आपल्याकडं दोनच माणसं आठवतात. एक निजाम आणि दुसरा कासिम रझवी. दरवर्षी 17 सप्टेंबरला मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन साजरा होतो, झेंडावंदन होतं, शाळेत मुलं भाषणं करतात. त्या भाषणांत मुसलमान येतो तो बहुतेक वेळा रझाकार म्हणूनच. वर्गातल्या मुस्लिम मुलानं त्या दिवशी कुठं बघायचं, हा प्रश्न कुणाला फारसा पडत नाही. त्या काळात मुसलमानांमध्येही अनेक मतांची माणसं होती. काही रझाकारांच्या विरोधात उघड उभी राहिली, काही गप्प बसली, काही निजामाच्या चाकरीत राहून मधला रस्ता शोधत होती. आज आम्ही ज्यांच्याबद्दल लिहीत आहोत, ते या शेवटच्या गटातले. नवाब झैन यार जंग. हैदराबाद संस्थानाचे मुख्य वास्तुविशारद, उस्मानिया विद्यापीठाच्या आर्ट्स कॉलेजच्या इमारतीशी ज्यांचं नाव कायमचं जोडलं गेलं ते, आणि 1948 च्या सगळ्यात वाईट महिन्यांत दिल्लीत हैदराबादची बाजू मांडणारे राजकारणी.

नाव आणि किताब

त्यांचं मूळ नाव सय्यद झैनुद्दीन हुसेन खान. ‘झैन’ हा अरबी शब्द, अर्थ शोभा, सौंदर्य. इमारती बांधणाऱ्या माणसाला हे नाव शोभून दिसतं. ‘यार जंग’ हे आडनाव नव्हे, तो निजामाकडून मिळालेला किताब. आसफजाही दरबारात किताबांची उतरंड होती. सुरुवात ‘जंग’पासून, मग ‘दौला’, मग ‘मुल्क’, मग ‘उमरा’ आणि सर्वांत वर ‘जाह’. त्यामुळं त्या काळातल्या बड्या अधिकाऱ्यांच्या नावांचा शेवट सारखाच होतो आणि वाचणाऱ्याचा गोंधळ उडतो. अली नवाज जंग हे निजामसागर धरण उभारणारे इंजिनिअर. अली यावर जंग हे उस्मानिया आणि अलीगढ या दोन्ही विद्यापीठांचे कुलगुरू राहिलेले आणि पुढं 1970 ते 1976 या काळात आपल्या महाराष्ट्राचे राज्यपाल झालेले. मुंबईत वांद्र्याला कर्णबधिरांसाठीची राष्ट्रीय संस्था आहे, ती त्यांच्याच नावानं. झैन यार जंग या दोघांपेक्षा वेगळे. इंटरनेटवर तिघांची सरमिसळ झालेली दिसते, म्हणून एवढं सांगावं लागलं.

‘नवाब’ म्हटलं की आपल्यासमोर हुक्का ओढणारा जहागीरदार येतो. हैदराबादचे बरेच नवाब मात्र नोकरदार होते. सकाळी दफ्तरात जाणारे, नकाशे आणि फायली बघणारे, पगार घेणारे. झैन यार जंग त्यांच्यातले.

त्या नकाशातलं जालना

तेव्हाचं जालना म्हणजे आजचा जालना जिल्हा नव्हे. जिल्हा झाला 1 मे 1981 रोजी. त्याआधी जालना, अंबड, भोकरदन, जाफराबाद हे तालुके औरंगाबाद जिल्ह्यात होते आणि परतूर परभणीत. हे सगळे भाग 1948 पर्यंत हैदराबाद संस्थानात होते. मनमाडहून सिकंदराबादला जाणारी गोदावरी खोऱ्याची रेल्वे जालन्यावरून जायची. इथला व्यापारी मुंबईकडं तोंड करून असला, तरी कोर्टाचं अपील, नोकरी आणि वरची तालीम यांचा रस्ता हैदराबादला जायचा.

सार्वजनिक बांधकामाचं म्हणाल तर जालनेकरांना त्याची ओळख पाण्यातून आहे. मोती तलाव जुना, निजामशाहीच्या आधीपासूनचा मानला जातो. शहराला पाणी देणारा घाणेवाडीचा तलाव मात्र शेवटच्या निजामाच्या काळातला. तो बांधणारे इंजिनिअर पारशी होते, बेजनजी फरेदूनजी जालनावाला. गावाचंच नाव त्यांनी आडनाव म्हणून लावलेलं. उंचावरच्या तलावातून पाणी उतारानं आपोआप शहरात यावं अशी ती योजना होती, तिला पंप लागत नव्हता. अलीकडच्या दुष्काळात याच तलावातला गाळ लोकांनी पुढाकार घेऊन काढला. संस्थानाच्या बांधकाम खात्यात काम करणारी माणसं अशी होती. कुणी पारशी, कुणी मुसलमान, कुणी हिंदू, कुणी इंग्रज. झैन यार जंग याच यंत्रणेतून वर आले.

गोऱ्या वास्तुविशारदांकडून देशी हाताकडं

28 सप्टेंबर 1908 रोजी मुसी नदीला पूर आला आणि हैदराबाद शहराचा मोठा भाग वाहून गेला. हजारो माणसं दगावली. पुढं विश्वेश्वरय्यांना बोलावून पूरनियंत्रणाची आखणी झाली, 1912 मध्ये शहर सुधारणेसाठी स्वतंत्र मंडळ स्थापन झालं. नव्या हैदराबादची पहिली मोठी घडण झाली ती व्हिन्सेंट एश या इंग्रज वास्तुविशारदाच्या हातून. हायकोर्ट, उस्मानिया दवाखाना, सिटी कॉलेज, काचीगुडा स्टेशन या इमारतींशी त्याचं नाव जोडलेलं आहे. त्या देखण्या आहेत यात वाद नाही. घुमट आहेत, छज्जे आहेत, कमानी आहेत. पण ती इंग्रज नजरेला दिसलेली हिंदुस्थानी शैली. ब्रिटिश हिंदुस्थानात तेव्हा सगळीकडं हेच चाललं होतं. सरकार त्यांचं आणि ‘आपली’ शैली कोणती हे ठरवणारेही तेच.

झैन यार जंग यांच्या पिढीकडं काम आलं तेव्हा प्रश्न बदलला होता. आपण आपल्यासाठी इमारत बांधायची, तर ती कशी दिसावी?

हा प्रश्न सर्वांत जास्त टोकदार झाला तो उस्मानिया विद्यापीठाच्या वेळी. 1918 मध्ये निजाम मीर उस्मान अली खान यांच्या फरमानानं स्थापन झालेलं हे विद्यापीठ वेगळं होतं. वरचं शिक्षण इंग्रजीतून नव्हे तर उर्दूतून देण्याचा प्रयोग तिथं सुरू झाला. विज्ञान, कायदा, वैद्यक, सगळं उर्दूत. त्यासाठी ‘दारुल तर्जुमा’ नावाचं भाषांतराचं खातं काढलं गेलं आणि शेकडो पुस्तकं उर्दूत आली. या प्रयोगाची दुसरी बाजूही इथंच सांगायला हवी. संस्थानात तेलुगू, मराठी आणि कन्नड बोलणारे लोक बहुसंख्य होते, त्यांच्यासाठी उर्दूही परकीच होती. जालन्या-परतूरच्या मराठी शाळेत शिकलेल्या मुलाला इंग्रजीऐवजी उर्दूची भिंत ओलांडावी लागायची. ही तक्रार खरी होती आणि तिनंच पुढं राजकारणाचं रूप घेतलं.

विद्यापीठ सुरू झालं ते भाड्याच्या इमारतींत. स्वतःची वास्तू उभारायची ठरली तेव्हा 1930 मध्ये झैन यार जंग आणि त्यांचे सहकारी सय्यद अली रझा या दोघांना जगाच्या दौऱ्यावर पाठवण्यात आलं. युरोप, अमेरिका, जपान, तुर्कस्तान, इजिप्त. तिथली विद्यापीठं कशी आहेत, वर्ग किती मोठे, ग्रंथालय कुठं, उजेड कसा आत येतो, हे सगळं बघून या, असं काम. आज सरकारी परदेश दौरा म्हटला की आपण हसतो. त्या दौऱ्यातून मात्र खरोखर काहीतरी निघालं.

कैरोमध्ये त्यांची गाठ अर्नेस्ट जास्पर या बेल्जियन वास्तुविशारदाशी पडली. कैरोजवळ हेलिओपोलिस नावाचं नवं शहर उभारण्यात त्याचा मोठा वाटा होता, तिथलं प्रचंड हॉटेल त्यानं बांधलं होतं. युरोपियन बांधकामाचं तंत्र आणि इस्लामी वास्तुकलेची जाण, दोन्ही त्याच्याकडं होतं. त्याला सल्लागार म्हणून हैदराबादला आणलं गेलं. विद्यापीठाचा मूळ आराखडा त्याचा. काही वर्षांनी तो परत गेला आणि पुढचं काम झैन यार जंग यांच्या देखरेखीखाली पूर्ण झालं. श्रेय कुणाचं, यावर आजही चर्चा होते. आम्हाला वाटतं, कागदावरची कल्पना जास्परची आणि ती दगडात उतरवण्याची जबाबदारी झैन यार जंग यांची, असं म्हटलं तर कुणावरच अन्याय होत नाही. मोठी इमारत एका माणसाची कधीच नसते.

5 जुलै 1934 रोजी आर्ट्स कॉलेजच्या इमारतीची पायाभरणी झाली आणि 4 डिसेंबर 1939 रोजी तिचं उद्घाटन. गुलाबी छटेचा ग्रॅनाइट, समोर उंच प्रवेशद्वार, दोन्ही बाजूंना पसरलेले पंख. लांबून पाहिलं तर एखाद्या मोठ्या मशिदीचा किंवा मदरशाचा दर्शनी भाग वाटतो. जवळ गेलं की चित्र बदलतं. खालच्या मजल्यावर अजिंठा-वेरूळच्या लेण्यांच्या वळणाचे जाड खांब आहेत. वरती गेलं की कमानी सुरू होतात. खाली लेण्यांतली आडव्या तुळईची रचना, वर बिदर-गोवळकोंड्याकडची कमान. पुढं या धाटणीला ‘उस्मानी शैली’ म्हणू लागले.

हे खांब आले कुठून?

इथं थोडं थांबायला हवं, कारण गोष्ट आपल्या दाराशी येते. वेरूळ आणि अजिंठा ही दोन्ही लेणी तेव्हा हैदराबाद संस्थानात होती, जालना ज्या जिल्ह्यात होतं त्याच औरंगाबाद जिल्ह्यात. 1914 मध्ये निजाम सरकारनं पुरातत्त्व खातं सुरू केलं, त्याचे प्रमुख गुलाम यझदानी. अजिंठ्याची चित्रं पोपडे धरून गळत होती. ती वाचवण्यासाठी 1920 च्या सुमारास इटलीतून दोन तज्ज्ञ बोलावले गेले. पुढं यझदानींनी अजिंठ्यावर अनेक खंडांचा ग्रंथ काढला, त्याचा पहिला खंड 1930 मध्ये आला. म्हणजे ज्या वर्षी झैन यार जंग जगाच्या दौऱ्यावर निघाले, त्याच वर्षी त्यांच्याच सरकारच्या खर्चानं बौद्ध लेण्यांची चित्रं छापून जगासमोर येत होती.

हे सांगण्यामागं निजाम राजवट फार उदार होती असं म्हणायचं नाही. ती राजेशाही होती, निवडून आलेलं सरकार नव्हतं, आणि नोकऱ्यांत व सत्तेत मुसलमानांचा वाटा लोकसंख्येच्या मानानं फार मोठा होता. पण त्या राजवटीत काम करणाऱ्या काही माणसांनी वेरूळचा वारसा ‘त्यांचा’ न मानता ‘आपला’ मानला, हेही तितकंच खरं. आर्ट्स कॉलेजच्या खांबांत सजावटीपेक्षा जास्त काही आहे असं आम्हाला वाटतं. एका मुस्लिम राजाच्या नावाचं, उर्दूतून शिकवणारं विद्यापीठ, आणि त्याच्या सगळ्यात मोठ्या इमारतीचं वजन लेण्यांच्या खांबांवर. बांधणाऱ्यानं हे नकळत केलं असेल असं मानायला जागा नाही.

गंमत म्हणा की दुर्दैव, ही इमारत उभी राहत होती त्याच वर्षांत तिच्या विद्यार्थ्यांमध्ये फूट पडत होती. 1938 च्या शेवटी औरंगाबादच्या इंटरमीजिएट कॉलेजच्या वसतिगृहात विद्यार्थ्यांनी ‘वंदे मातरम्’ म्हणण्यावरून वाद झाला, तिथून लोण हैदराबादला उस्मानियात पोहोचलं. शेकडो विद्यार्थ्यांना काढून टाकण्यात आलं. त्यातले बरेच जण नागपूर विद्यापीठात गेले. पुढं पंतप्रधान झालेले पी. व्ही. नरसिंह राव त्यांच्यापैकीच एक. खांब आणि कमान एकाच भिंतीत बसवणं जमलं होतं. त्या भिंतीच्या आत बसणाऱ्यांचं तसं जमत नव्हतं.

दफ्तरातून दिल्लीत

वास्तुविशारद माणूस राजकारणात गेला, याचं आज नवल वाटेल. हैदराबादमध्ये त्यात फारसं नवल नव्हतं. निवडणुका नव्हत्या, पक्षांना मोकळीक नव्हती. सत्तेचा जिना सरकारी खात्यांतूनच वर जायचा. बांधकाम खातं त्यात महत्त्वाचं, कारण रस्ते, धरणं, दवाखाने, शाळा यांचा पैसा तिथून फिरायचा. शेजारी म्हैसूरला विश्वेश्वरय्या इंजिनिअरचे दिवाण झाले होतेच. खुद्द हैदराबादचे शेवटचे पंतप्रधान मीर लायक अली हेही पेशानं इंजिनिअर आणि उद्योजक. तेव्हा आराखडे करणारा माणूस वाटाघाटीला बसला, तर दरबाराला ते खटकलं नाही.

15 ऑगस्ट 1947 ला देश स्वतंत्र झाला तेव्हा निजामानं भारतात सामील व्हायला नकार दिला होता. बोलणी चालू होती. 29 नोव्हेंबर 1947 रोजी भारत आणि हैदराबाद यांच्यात ‘जैसे थे’ करार झाला, मुदत एक वर्षाची. त्या करारानुसार दोन्ही बाजूंनी एकमेकांकडं प्रतिनिधी ठेवायचे होते. भारताकडून हैदराबादला आले कन्हैयालाल मुन्शी. हैदराबादकडून दिल्लीत राहिले नवाब झैन यार जंग. मुन्शींच्या आणि संस्थानांच्या विलीनीकरणाचं काम बघणाऱ्या व्ही. पी. मेनन यांच्या पुस्तकांत त्यांचं नाव येतं. तडजोडीच्या बाजूचा माणूस अशीच त्यांची ओळख होती.

त्यांची अडचण समजून घ्यायला हवी. दिल्लीत सरदार पटेल आणि मेनन यांच्याशी बोलायचं, आणि जे काही जमेल ते हैदराबादला कळवायचं. हैदराबादला मात्र निर्णय घेणारे तीन जण होते आणि तिघांची तोंडं तीन दिशांना. निजाम स्वतः, जे आज हो म्हणायचे आणि उद्या मागं फिरायचे. पंतप्रधान लायक अली, ज्यांना संस्थान स्वतंत्र राहू शकेल असं वाटत होतं. आणि कासिम रझवी, लातूरला वकिली केलेला, ज्याची रझाकार संघटना रस्त्यावर सत्ता गाजवत होती. जून 1948 मध्ये माउंटबॅटन देश सोडून जाण्याआधी तडजोडीचा एक मसुदा तयार झाला होता. हैदराबादनं तोही नाकारला. त्यानंतर दिल्लीत बसलेल्या प्रतिनिधीच्या हातात फारसं काही उरलं नाही.

इकडं गावोगावी काय चाललं होतं ते जालना जिल्ह्यातल्या जुन्या माणसांना कुणी सांगायला नको. रझाकारांची दहशत, लुटालूट, सरहद्दीपलीकडं वऱ्हाडात निघून गेलेली कुटुंबं. रझाकारांच्या विरोधात जाणारा माणूस मुसलमान असला तरी सुटत नव्हता. ऑगस्ट 1948 मध्ये सात मुस्लिम सरकारी अधिकाऱ्यांनी आणि प्रतिष्ठितांनी एक निवेदन काढलं, हैदराबादनं भारतात सामील व्हावं आणि रझाकारांना आवरावं म्हणून. ‘इमरोज’ या उर्दू दैनिकानं ते छापलं. 22 ऑगस्टला पहाटे त्याचे तरुण संपादक शोएबुल्लाह खान यांचा खून झाला. 17 सप्टेंबरच्या भाषणांत हे नाव जरूर यायला हवं, क्वचितच येतं.

झैन यार जंग यांनी शोएबुल्लाहसारखं उघडपणे रस्त्यावर येऊन काही म्हटलं नाही. ते दरबारी होते, शेवटपर्यंत निजामाचे नोकर राहिले. कुणी याला भित्रेपणा म्हणेल. आम्ही म्हणणार नाही, पण शोएबुल्लाह आणि ते एकाच पारड्यात बसत नाहीत, हे मान्य करायला हवं.

पाच दिवस आणि त्यानंतर

13 सप्टेंबर 1948 ला भारतीय फौजा हैदराबादच्या हद्दीत शिरल्या. औरंगाबाद ताब्यात आलं. पाठोपाठ गुरख्यांची एक तुकडी जालन्यात ठेवून बाकी फौज लातूरकडं निघाली. 17 तारखेला निजामानं शरणागती जाहीर केली. जनरल जे. एन. चौधरी लष्करी गव्हर्नर झाले. त्यांच्या कारभारासाठी जे मंडळ नेमलं गेलं त्यात स्थानिक सदस्य म्हणून घेतले गेले ते राजा धोंडेराज बहादूर, सी. व्ही. एस. राव आणि नवाब झैन यार जंग.

बांधकामातून राजकारणात आलेल्या माणसाच्या आयुष्यातला हा सर्वांत कठीण निर्णय. कालपर्यंत ज्या सरकारचे प्रतिनिधी म्हणून दिल्लीत बसलो, ते सरकार ज्यांनी उलथवलं त्यांच्याच मंडळात बसायचं. नाकारलं असतं तर लष्करी कारभारात एकही मुस्लिम आवाज राहिला नसता. स्वीकारलं म्हणून अनेकांच्या नजरेत ते संधिसाधू झाले.

आणि त्याच महिन्यांत मराठवाड्यात जे घडलं ते विसरण्यासारखं नाही. पोलीस ॲक्शनच्या वेळी आणि नंतर गावोगावी मुसलमानांवर हल्ले झाले. नेहरूंनी पंडित सुंदरलाल यांच्या नेतृत्वाखाली एक समिती पाठवली, सोबत काझी अब्दुल गफ्फार आणि मौलाना अब्दुल्ला मिसरी. नोव्हेंबरच्या शेवटी आणि डिसेंबर 1948 मध्ये ते संस्थानभर फिरले. मृतांचा आकडा 27 हजार ते 40 हजार असावा असा त्यांचा अंदाज होता. सर्वांत जास्त फटका उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेडला, त्याखालोखाल औरंगाबाद, बीड, नलगोंडा, मेदक. जालना तेव्हा औरंगाबादमध्येच होतं. अहवाल अनेक दशकं बंद दाराआड राहिला. रझाकारांनी केलेले अत्याचार खरे, आणि ज्यांचा रझाकारांशी काडीचा संबंध नव्हता अशा मुसलमानांची झालेली कत्तलही खरी. एक सांगताना दुसरं लपवायचं, ही सवय दोन्ही बाजूंना आहे.

झैन यार जंग यांच्यासारख्या माणसाला लष्करी कारभारात बसून हे थांबवता आलं नाही. सत्ता चौधरी आणि त्यांच्या मुलकी अधिकाऱ्यांकडं होती, सदस्यांचं वजन मर्यादित. आमच्या मते त्यांच्या राजकीय आयुष्याचं मोजमाप इथंच होतं. तडजोड करू पाहणाऱ्या माणसाच्या मागं ना फौज असते ना जमाव, आणि त्या वर्षी बाकी कशालाच किंमत नव्हती.

26 जानेवारी 1950 ला लष्करी राजवटीनंतरचं मुलकी मंत्रिमंडळ आलं, मुख्यमंत्री एम. के. वेल्लोडी. निजाम राजप्रमुख. झैन यार जंग याही मंत्रिमंडळात होते. सहा महिन्यांच्या आत त्यात काँग्रेसचे बुर्गुला रामकृष्ण राव, विनायकराव विद्यालंकार, फुलचंद गांधी वगैरे मंडळी आली. एकाच टेबलाभोवती निजामाचा जुना वास्तुविशारद आणि निजामाविरुद्ध लढलेले कार्यकर्ते बसत होते. 1952 च्या पहिल्या निवडणुकीनंतर रामकृष्ण राव मुख्यमंत्री झाले आणि नेमलेल्या मंत्र्यांचा जमाना संपला. निवडून येण्याचं राजकारण वेगळं होतं, त्यात दरबारी माणसाला जागा नव्हती.

पदवीवरचं नाव

पोलीस ॲक्शननंतर उस्मानियात उर्दूची जागा इंग्रजीनं घेतली. उर्दूतून शिकलेल्या एका पिढीची पदवी रातोरात हलकी झाली. नोकऱ्या गेल्या, जहागिरी 1949 मध्ये रद्द झाल्या, त्यावर पोट भरणारे कारकून, शिपाई, कारागीर उघड्यावर आले. मराठवाड्यातल्या मुस्लिम मोहल्ल्यांची आजची गरिबी बघताना हा धागा विसरून चालत नाही. बरेच लोक कराचीला गेले, त्याहून खूप जास्त इथंच राहिले.

1 नोव्हेंबर 1956 ला हैदराबाद राज्याचे तीन तुकडे झाले. मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला. विद्यापीठ मात्र लगेच बदललं नाही. 23 ऑगस्ट 1958 ला औरंगाबादला मराठवाडा विद्यापीठ स्थापन होईपर्यंत आपल्याकडची कॉलेजं उस्मानियाशीच जोडलेली होती. त्या पिढीतल्या जालन्याच्या वकिलांच्या, डॉक्टरांच्या, मास्तरांच्या घरात जुनी ट्रंक उघडली तर उस्मानियाची पदवी निघते, मग घर मुसलमानाचं असो, मारवाड्याचं की मराठ्याचं.

ती इमारत बघायची असेल तर फार लांब जावं लागत नाही. जालन्याहून देवगिरी एक्स्प्रेसनं सिकंदराबादला उतरायचं. तिथून फलकनुमाकडं जाणारी लोकल पकडायची. सीताफळमंडीनंतर एक छोटं स्टेशन लागतं, नावच ‘आर्ट्स कॉलेज’. स्टेशनातून बाहेर पडून विद्यापीठात गेलात की समोरचं भव्य प्रवेशद्वार बघून थांबू नका. आधी खालच्या मजल्यावर जा आणि खांबांना हात लावून बघा. वेरूळ ज्यांनी पाहिलं आहे त्यांना ते ओळखीचे वाटतील.